अनारसे दर वेळी तुपात हसतात? गुळाला बोल लावण्याआधी हे तपासा

तूप तापलेलं असतं. खसखशीवर थापलेला पहिला अनारसा अलगद कढईत सोडायचा, तो क्षणभर शहाण्यासारखा तरंगतो, मग कडेने फेस धरतो, मध्ये भोकं पडतात, भोकाला भोक मिळतं आणि झारा आत घालेपर्यंत कढईत गुळाचा गाळ आणि सैरावैरा धावणारी खसखस एवढंच उरतं. याला अनारसा हसला म्हणतात. नाव ज्याने ठेवलं तो कढईपाशी बसलेला नसणार.

माझे असे हसले ते २०२३ च्या अधिक श्रावणात. लेकीचं लग्न त्याच फेब्रुवारीत झालेलं, जावयांचा पहिला धोंड्याचा महिना, आणि ३३ अनारशांचं वाण द्यायचं. हाताशी असावेत म्हणून ४५ गोळ्या केल्या. त्यातले १६ धड निघाले. उरलेल्या जागी बत्तासे मोजून ठेवले. वाणाला जाळीदार वस्तू लागते, बत्तासे चालतात, कुणी नावं ठेवली नाहीत. पण रात्री साताऱ्याहून आत्याचा फोन आलाच.

"हसले का गं?"

"हसले."

"तांदूळ किती वेळ वाळवलेस?"

"वहीत लिहिलंय तेवढाच. दोन तास."

"वही दिवाळीची आहे. आत्ता बाहेर बघ काय चाललंय ते."

बाहेर पाऊस कोसळत होता. गुळाला आणि तुपाला मी दुपारभर शिव्या घातल्या होत्या, आणि आत्याने एका वाक्यात चूक पंच्यावर आणून ठेवली.

दर वेळी तेच माप, तोच हात, तरी कधी जमतात कधी नाही, अशी तुमची तक्रार असेल तर तुमचंही बहुधा हेच होतंय. आपल्या घरांतल्या अनारशांच्या कृती दिवाळीच्या आहेत, म्हणजे कोरड्या हवेच्या. अधिक मास मात्र साधारण ३२-३३ महिन्यांनी येतो आणि दर वेळी वेगळा महिना धरतो. २०१८ ला ज्येष्ठ होता, २०२० ला आश्विन, २०२३ ला श्रावण, २०२६ ला पुन्हा ज्येष्ठ, १७ मे ते १५ जून. मेच्या कोरड्या उन्हाळ्यात तांदूळ दोन तासांत खडखडीत होतो आणि श्रावणात पंख्याखाली सहा तास ठेवला तरी हाताला ओला लागतो. वहीतल्या 'दोन तास' या शब्दांना ऋतू सांगितल्याशिवाय काही अर्थ नाही.

आता हा ओलावा एवढा का नडतो ते बघू, कारण ते कळलं की बाकीचे निम्मे दोष आपोआप सापडतात.

अनारशाच्या पिठात आपण पाणी घालत नाही. त्यात जे काही पाणी आहे ते तांदळाने तीन दिवसांत प्यायलेलं. पीठ आणि किसलेला गूळ एकत्र करून डब्यात दाबून ठेवला की गूळ ते पाणी हळूहळू ओढून घेतो आणि कोरडा वाटणारा भुगा तिसऱ्या-चौथ्या दिवशी लोण्यासारखा मऊ होतो. तरी त्यातला सगळा गूळ विरघळलेला नसतो, बराचसा कणाकणाने घट्टच असतो. तो कढईत विरघळतो. साधी साखर घेतली तर खोलीच्या तापमानाला १०० ग्रॅम पाण्यात सुमारे २०० ग्रॅम मावते, उकळत्या पाण्यात जवळजवळ ४८७ ग्रॅम. गुळात मुख्यतः साखरच. म्हणजे गोळीतलं तेच चमचाभर पाणी तापल्यावर दुपटीहून जास्त गूळ गिळतं आणि घट्ट गोळीचा एकदम पाक होऊ लागतो. दुसरीकडे तांदळाच्या पिठाला शिजून एकमेकांना धरायचं असतं, आणि इतक्या गोडात ते उशिरा शिजतं. पाक आधी सुटतो की पीठ आधी धरतं, यावर सगळा खेळ. पाणी जरा जास्त असलं की पाक जिंकतो आणि अनारसा हसतो. पाणी फारच कमी असलं तर पीठ लगेच धरतं, जाळीला वावच राहत नाही, आणि वाणात तेहेतीस पुऱ्या जातात.

तर तपासायला सुरुवात उलटीकडून करा, कढईपासून. तिथली चूक दोन मिनिटांत सुधारते.

सुपारीएवढी गोळी थापून एकटीच तळून बघा. सगळा घाणा थापून ठेवू नका, अजिबात. गोळी सोडल्याबरोबर फेस न येता नुसती पसरत गेली तर तूप गार आहे. तूप नीट तापलं असेल तर गोळी तळाशी जाते, बुडबुडे धरते आणि सावकाश वर येते. माझ्याकडे पाकाचा थर्मामीटर आहे, त्यावर मला १५० अंशांच्या अलीकडेपलीकडे बरे जमतात. नसेल तर मध्यम आच, आणि पहिल्या दोन गोळ्या देवाच्या नावाने. पसरट लहान कढई, एका वेळी एकच, फार तर दोन. घाईने चार सोडले की तूप बसतं आणि चारही जातात. हे मला माहीत आहे, तरी शेवटच्या घाण्याला मी दर वेळी तेच करते.

उलटायचा नाही. खसखशीची बाजू वर, आणि झाऱ्याने कडेचं तूप वर उडवत राहायचं. खसखस खाली गेली तर ती करपते आणि अख्खं तूप कडू होतं. सिंगापूर आणि अमिरातीत खसखशीला बंदी आहे, तिथली आपली माणसं तीळ लावतात, आणि त्यात कमीपणा काही नाही. बिहारमध्ये गयेचा अनरसा मुळात तिळातच घोळवतात.

गरम तुपातही पहिली गोळी हसली तर दोष पिठाच्या गोळ्यात आहे. मग बोट लावून बघा. गोळा तळहाताला चिकटतोय, थापताना दुधाच्या पिशवीच्या प्लास्टिकवरून सुटत नाहीय, तर तो सैल आहे. इथे बहुतेकजणी बाजारची तांदळाची पिठी मळतात. चालतं, पण ती पिठी कोरड्या तांदळाची, अनारसा वरून बरा दिसतो आणि दुसऱ्या दिवशी दाताला रवाळ कडक लागतो. त्यापेक्षा भिजवलेल्या तांदळाचं पीठ दळतानाच मूठ-दोन मूठ बाजूला काढून फ्रिजमध्ये ठेवायची सवय लावा, गूळ न घालता. सैल गोळ्याला त्यातलं चमचा चमचा लावायचं आणि तासभर झाकून ठेवून पुन्हा सुपारीएवढं तळायचं. मी हे अधिक श्रावणानंतर शिकले. तेव्हा फ्रिजमध्ये काही नव्हतं.

ते राखीव पीठ नसेल तर गोळा परातीत पसरून पंख्याखाली अर्धा-पाऊण तास ठेवा, मधूनमधून मोडून वरखाली करा. पुष्कळदा तेवढ्यानेही काम होतं.

उलट, थापताना कडा चिरत असतील तर गोळा कोरडा. अर्धा चमचा दूध, किंवा जुन्या बायका लावायच्या तसा पिकलेल्या केळ्याचा बोटभर तुकडा कुस्करून. तोही फक्त त्या घाण्यापुरत्या पिठाला लावायचा, सगळ्या डब्याला नाही, कारण दूध-केळं लागलेलं पीठ टिकत नाही. आणि हे तळायच्या दिवशीच. डबा भरताना पीठ भुग्यासारखं वाटतं म्हणून ज्या चमचाभर दूध घालून "छान मऊ" मळून ठेवतात, त्यांचे अनारसे तिथेच हसलेले असतात, फक्त ते आठवड्याने कळतं. डबा भरताना पीठ कोरडंच वाटलं पाहिजे.

गुळाबद्दल. माप वाटीने घेऊ नका, तराजू घ्या. किसलेला गूळ वाटीत दाबून भरला की सैल भरला यात अर्ध्या मुठीचा फरक पडतो, आणि दमट पिठाचंही तसंच. आत्याचा हिशेब किलोला तीन पाव: कोरडा तांदूळ एक किलो मोजला असेल तर गूळ ७५० ग्रॅम. समसमान घालणारी घरं आहेत, त्यांचे उत्तम होतात, पण त्यांचा हात बसलेला आहे. आपण शिकाऊ असलो तर तीन पावाला चिकटून राहावं. चिक्कीचा गूळ नको. आणि पावसाळ्यात पाझरलेला, कागदाला चिकटणारा गूळ तर मुळीच नको. तो हवेतलं पाणी पिऊन बसलेला असतो, म्हणजे तांदूळ नीट वाळवून तुम्ही जे कमावलं ते गूळ परत आणून ओततो. ढेपेच्या पोटातला कोरडा, खणखणीत तुकडा घ्या. सगळाच गूळ पाझरला असेल तर त्या वर्षी पिठीसाखरेचे करा. पांढरे होतात, चव थोडी उणी, पण वाण निभतं.

आता मूळ दुखणं, तांदूळ.

जुना तांदूळ घ्या. नवा चिकट होतो आणि चिकट तांदळाचं पीठ मैद्याच्या चाळणीतून उतरतच नाही. तीन दिवस भिजवायचा, पाणी रोज बदलायचं, मे महिन्यात दिवसातून दोनदा. आंबूस वास येणं ठीक आहे, त्या आंबण्याचा जाळीला उपयोगच होतो. बुळबुळीत लागला, नाक मुरडावं असा वास आला, तर टाकून द्या, धुऊन वाचवायला जाऊ नका. परदेशात थंडीत करणाऱ्या माझ्या मावसबहिणीला तीन दिवसांत काहीच वास येत नाही. ती चौथा दिवस घेते आणि पातेलं ओव्हनमध्ये दिवा लावून ठेवते.

चौथ्या दिवशी रोळीत उपसायचा, पाणी पूर्ण निथळू द्यायचं, आणि मग सुती पंच्यावर पंख्याखाली पातळ पसरायचा. उन्हात नाही. उन्हात वरचे दाणे खडखडीत होतात आणि खालचे ओलेच राहतात.

किती वेळ, हा प्रश्न आता मी घड्याळाला विचारत नाही. दोन परीक्षा आहेत. पहिली आत्याची: मूठभर दाणे घट्ट आवळून मूठ उघडायची. दाणे तळव्याला चिकटून राहिले तर अजून ओला. सगळेच्या सगळे सळसळून पडले तर वेळ टळली. बहुतेक पडले आणि चार-सहा दाणे चिकटून राहिले, तळवा गार वाटला पण ओला झाला नाही, की उचलायचा. दुसरी परीक्षा माझी, तराजूची, कारण आत्याचा तळवा माझ्याकडे नाही. अर्धा किलो कोरडा तांदूळ निथळल्यावर माझ्याकडे ६३०-६४० ग्रॅम भरतो. तो वाळून ५८० च्या आसपास आला की मी मिक्सर लावते. गेल्या वर्षी अडीच तास लागले, एका पावसाळी शनिवारी साडेपाच. तुमचा तांदूळ वेगळा असेल, आकडा थोडा इकडेतिकडे होईल. एकदा चांगले जमले की त्या दिवशीचं वजन वहीत लिहून ठेवा, तास लिहू नका.

वेळ टळली असेल, म्हणजे तांदूळ जास्त वाळला असेल, तर पाण्याचा हबका मारून ओल्या फडक्यात अर्धा तास गुंडाळून ठेवा. पुन्हा भिजवत बसू नका.

दळताना मिक्सरचं भांडं अर्धंच भरायचं आणि थांबत थांबत फिरवायचं. भांडं तापलं की पीठ त्यातच वाळतं आणि तुमची तराजूची सगळी मेहनत पाण्यात, किंवा या बाबतीत पाण्याबाहेर. मैद्याची चाळणी, आणि वर राहिलेला रवा पुन्हा मिक्सरला. शेवटचा मूठभर रवा कंटाळून तसाच मिसळला जातो, मला माहीत आहे. तो रवा गुळाचं पाणी धरत नाही आणि अनारसा नेमका तिथूनच फाटतो. त्याची खीर करा. चाळलेलं पीठ मुठीत दाबलं तर मूठ वळली पाहिजे आणि बोटाने टेकवताच मोडली पाहिजे. ते वाळायच्या आत, चाळल्या चाळल्या गूळ घाला, चमचाभर तूप लावा, मिक्सरमधून एकदा एकजीव करून घ्या आणि घट्ट डब्यात दाबून भरा. पुढचे चार दिवस तरी डबा उघडू नका. आठवडा झाला तर आणखी बरं.

हसण्याखेरीज दोन तक्रारी येतात, त्या थोडक्यात. जाळी पडली नाही, गुळगुळीत पुरी झाली: पीठ मुरलं नाही, किंवा कोरडं आहे, किंवा तूप इतकं कडक की वरचा पापुद्रा आधीच धरला. आच कमी करून बघा, मग अर्धा चमचा दूध, तरी नाही तर डबा आणखी दोन दिवस मिटवून ठेवा. अनारसा दगडासारखा झाला: गूळ कमी पडला, किंवा तुम्ही तो लालबुंद होईपर्यंत कढईत ठेवला. कढईतून काढताना तो मऊच असतो, पिवळसर बदामी दिसला की काढायचा आणि चाळणीत तिरका उभा करून तूप निथळू द्यायचं. गार झाल्यावर कुरकुरीत होतो. गरम असताना चिमटून "अजून मऊच आहे" म्हणून परत कढईत टाकणारी माणसं घरोघरी असतात. आमच्याकडे ते काम यजमान करतात.

भर पावसात तांदूळ वाळतच नसेल आणि वाण परवावर आलं असेल तर एक वेगळी वाट आहे, आंध्रातल्या अरिसेलूंची. संक्रांतीला करतात. तमिळनाडूत दिवाळीला अधिरसम होतो, त्याचीही रीत तीच. तिथे गूळ कच्चा घालत नाहीत. आधी थोड्या पाण्यात त्याचा पाक करतात, पाण्यात टाकलेल्या थेंबाची मऊ गोळी वळेपर्यंत आटवतात, आणि त्यात दमट पीठ मावेल तेवढं ढवळत घालतात. गुळातलं पाणी आचेवरच मोजून मापून उडवलेलं असतं, त्यामुळे पुढचा धोका कमी. पाक कच्चा राहिला तर तेही फुटतात. तळून काढल्यावर दोन सपाट झाऱ्यांत दाबून तूप पिळतात. आपल्यासारखी जाळी त्याला पडत नाही, अंगाने भरीव असतो. वाणाला जाळीच हवी असा ज्यांचा आग्रह आहे त्यांनी बत्तासे आणावेत, नुसता खायला मात्र मला तो आपल्या अनारशाइतकाच आवडतो, हे आत्याला सांगू नका.

आणि अख्खा डबाच बिघडलाय, काही केल्या गोळी धरत नाही, तर तुपाची नासाडी थांबवा. त्या पिठात दूध घालून सरसरीत करा, चिमूटभर मीठ, वेलची, आणि आप्पेपात्रात गोड आप्पे घाला. त्या श्रावणात उरलेल्या पिठाचे मी ते केले, आणि पोरांनी अनारशांकडे ढुंकून न बघता तेच संपवले. कढईत हसून विखुरलेला चुरा झाऱ्याने काढून चाळणीवर निथळा, दुधात घालून चांगला लागतो. तूप गार व्हायच्या आत कापडातून गाळा. तळाला गूळ करपलेला असतो, तो शेवटचा पाव वाटी गाळ टाकून द्या. गाळलेल्या तुपात पुन्हा अनारसे तळू नका, ते लवकर काळे पडतात. शिऱ्याला वापरा.